वाढीव जागेवर बी फार्मला ॲडमिशन झालं, आता विद्यापीठ परीक्षा फॉर्मच घेत नाही. बहिणीचं वर्ष जाईल का?

धागा सुरू केला: घोर_लागलेला_दादा

नमस्कार मंडळी, इथे वाचतो बरेच दिवस पण लिहितोय पहिल्यांदाच, जरा मोठं होईल, सांभाळून घ्या.

माझी धाकटी बहीण बी फार्म फर्स्ट इयरला आहे. कॅपच्या (सरकारी केंद्रीय प्रवेश प्रक्रियेच्या) राउंडमध्ये नंबर लागला तो दोनशे किलोमीटर लांब, वडील म्हणाले मुलीला एवढ्या लांब नको, म्हणून तालुक्याच्याच एका कॉलेजात इन्स्टिट्यूट लेव्हलला, म्हणजे थेट कॉलेजकडून, ॲडमिशन घेतलं. दिवाळीच्या तोंडावर. तेव्हा ऑफिसमधल्या क्लार्कने सांगितलं होतं की आमच्या साठ जागा होत्या त्या या वर्षीपासून शंभर झाल्यात, आरामात होईल. पहिला हप्ता बासष्ट हजार भरला, सोयाबीन विकून आलेले पैसे त्यातच गेले.

लेक्चर सुरू झाले, प्रॅक्टिकल सुरू झाले, ॲप्रन घेतला, सगळं व्यवस्थित. आता पहिल्या सेमिस्टरचे परीक्षा फॉर्म आले तर ३७ पोरापोरींची नावंच पोर्टलवर नाहीत, पीआरएन (विद्यापीठाचा नोंदणी क्रमांक) जनरेट झालेला नाही, त्यात हिचं नाव. आधी म्हणाले सर्व्हर डाऊन आहे. मग म्हणाले पात्रता विभागात फाईल आहे. शेवटी चार पालक एकत्र जाऊन बसले तेव्हा प्राचार्यांनी सांगितलं की फार्मसी कौन्सिलची मंजुरी आलेली आहे, विद्यापीठाने वाढीव चाळीस जागांना संलग्नता दिली नाही, संस्था हायकोर्टात गेली आहे, स्टे मिळालाय, हॉल तिकीट येईल, तुम्ही पोरांना अभ्यास करायला सांगा.

आणि काल एक कागद दिला सही करायला. पाचशेच्या स्टॅम्पवर. त्यात लिहिलंय की प्रवेश घेताना वाढीव तुकडीच्या संलग्नतेचा विषय न्यायप्रविष्ट असल्याची मला व माझ्या पालकांना पूर्ण कल्पना होती व याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून आम्ही स्वखुशीने प्रवेश घेतलेला आहे. आम्हाला काडीची कल्पना नव्हती हो. वडील म्हणतात सही करून टाकू, नाहीतर हिलाच टार्गेट करतील. मी पुण्यात कंपनीत आहे, रजा टाकून शनिवारी गावी चाललोय.

सही करावी का? कोर्टाचा स्टे असला तर परीक्षेला बसू देतात ना? आणि एवढं करून निकाल कॉलेजच्या विरोधात गेला तर पोरांचं काय होतं? कॉलेजचं नाव लिहीत नाही, समजून घ्या. रात्रभर झोप नाही लागली.

———

निवृत्त_अधीक्षक

दादा, पहिली गोष्ट, त्या स्टॅम्पवर सही करू नका. वडिलांना आजच फोन करून सांगा, शनिवारची वाट बघू नका. तो कागद पोरांसाठी नाहीये, संस्थेच्या वकिलासाठी आहे. उद्या तुम्ही फी मागायला गेलात की हाच कागद तुमच्यासमोर ठेवणार.

मी एका विद्यापीठात संलग्नता विभागात २६ वर्षं काढली, या फाईली हातातून गेल्या आहेत म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुमच्या बाबतीत दरवाजे तीन आहेत, आणि तिन्हीतून त्याच वर्षी जावं लागतं. एक दिल्लीची फार्मसी कौन्सिल, तिच्या पत्रात जागांचा आकडा असतो. दुसरा राज्य शासन. २०१६ च्या सार्वजनिक विद्यापीठ कायद्यात कलम १०७ मध्ये बृहत् आराखडा, म्हणजे कुठे कोणती कॉलेजं हवीत त्याचा आराखडा, आहे आणि १०९ मध्ये नवीन कॉलेज, नवीन कोर्स, जादा तुकडी यांच्या परवानगीची पद्धत. तिसरं विद्यापीठ, कलम ११०, संलग्नता. लोक समजतात की कॉलेज जुनं आहे म्हणजे संलग्न आहे, मग काय अडचण. पण संलग्नता कॉलेजला सरसकट नसते, ती कोर्सला असते, तुकडीला असते, आकड्याला असते. साठचं पत्र असेल तर एकसष्टावा विद्यार्थी विद्यापीठाच्या दृष्टीने त्या कॉलेजात नाहीच. सिस्टिममध्ये साठच्या पुढे पीआरएन निघत नाही ते याच कारणाने, त्यात सर्व्हरचा काही संबंध नाही.

आता विद्यापीठ जादा तुकडी का अडवतं. स्थानिक चौकशी समिती जाते, तीन-चार माणसं, एक दिवस. शिक्षकांची यादी बघतात, त्यातले विद्यापीठ मान्यतेचे किती, रीतसर प्राचार्य आहे का प्रभारी, लॅब किती, यंत्रं चालू आहेत का नुसती झाकून ठेवली आहेत. मी समितीबरोबर फाईल घेऊन बऱ्याचदा गेलोय. एका ठिकाणी लॅबमधल्या बाटल्यांची सीलं तीन वर्षांपूर्वीची होती तशीच होती, फोडलेलीच नव्हती, आणि कागदावर रोज दोन बॅचचं प्रॅक्टिकल. अशा वेळी समिती त्रुटी काढते, पूर्तता करा म्हणते, संस्था पूर्ततेचं हमीपत्र देते आणि पोरं मात्र त्याच महिन्यात भरून टाकते. सगळा घोळ इथे होतो. हमीपत्र दिलं म्हणजे संलग्नता मिळाली असं नसतं, पण ॲडमिशनच्या काउंटरवर तसंच सांगतात. कायद्यात स्पष्ट आहे की संलग्नता मिळाल्याशिवाय विद्यार्थी घ्यायचे नाहीत.

तुम्ही शनिवारी जाल तेव्हा तीन पत्रं बघायला मागा. कौन्सिलचं, शासनाचं, विद्यापीठाचं. तिन्हीवर शैक्षणिक वर्ष कोणतं आणि आकडा कोणता ते बघा, फोटो काढा. दाखवायला टाळाटाळ केली तर विद्यापीठात संलग्नता विभागात साधा अर्ज द्या, आवक नंबर घ्या, अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का. नाही उत्तर आलं तर माहिती अधिकार आहेच, पण त्याला ३० दिवस जातात आणि तुमच्याकडे तेवढे नाहीत.

———

मेडिकलवाला_अकोला

अधीक्षक काकांनी लिहिलंय ते सोळा आणे खरं. एक गोष्ट जोडतो जी पालकांच्या लक्षात येत नाही.

समजा परीक्षा दिली, चार वर्षं झाली, पदवीचा कागद हातात आला. पण फार्मसीत पदवीवर पोट भरत नाही, स्टेट कौन्सिलचं रजिस्ट्रेशन लागतं. फार्मसी ॲक्ट १९४८ चा, त्यात कलम १२ खाली कोर्स मान्य लागतो आणि मगच नाव रजिस्टरला चढतं. रजिस्ट्रेशन नाही तर स्वतः फार्मासिस्ट म्हणून मेडिकल टाकता येत नाही, दुसऱ्याच्या मेडिकलवर फार्मासिस्ट म्हणून उभं राहता येत नाही, हॉस्पिटलची नोकरी नाही.

आमच्या वेळी याच्यावरून मोठं रामायण झालं होतं. एआयसीटीई (तंत्रशिक्षणाची केंद्रीय परिषद) जागा वाढवून द्यायची आणि फार्मसी कौन्सिल म्हणायची आम्ही वाढवल्या नाहीत, आम्ही ओळखत नाही. दोघांच्या भांडणात कॉलेजं कोर्टात आणि पोरं वर्गात. शेवटी ५ मार्च २०२० ला सुप्रीम कोर्टाने निकाल दिला, विदर्भातल्याच एका फार्मसी संस्थेचं नाव आहे त्या केसला, की फार्मसीचं शिक्षण आणि जागा हे सगळं फार्मसी कौन्सिलच ठरवणार, फार्मसी ॲक्ट हा खास कायदा आहे आणि एआयसीटीईचा १९८७ चा कायदा त्याच्या वर जाणार नाही. त्यात अंतरिम आदेशावर वाढीव जागांत आधीच शिकून गेलेल्या पोरांना सांभाळून घेतलं कोर्टाने, ते बरं केलं. माझा एक दोस्त त्यातला होता. पास होऊन बसला होता, दुकान भाड्याने घेऊन ठेवलं होतं, फर्निचर केलं होतं, आणि रजिस्ट्रेशन अडकलेलं. भाडं चालू. लग्न ठरत नव्हतं त्याचं, मुलीकडचे विचारायचे काय करतो, आता काय सांगणार.

म्हणून म्हणतो, कौन्सिलचं पत्र सगळ्यात आधी बघा. त्यावर शंभर असेल तर अर्धी लढाई जिंकली. साठ असेल तर मग तिला तिथे ठेवू नका, पुढच्या वर्षी कॅपमधून दुसरीकडे घाला, मनाला लागेल पण एक वर्ष गेलेलं परवडतं.

———

ॲड_खंडपीठ

वर कोणीतरी सही नको म्हणालेत, पूर्ण सहमत. स्टेबद्दल लिहितो, कारण या शब्दाने पालकांची फार फसगत होते.

विद्यापीठाने नकार दिला असेल आणि कोर्टाने त्या नकाराला स्थगिती दिली, तरी संलग्नता आपोआप जन्माला येत नाही. जे दिलंच नव्हतं ते नकार थांबवल्याने हातात येत नाही. परीक्षेला बसू द्या असा वेगळा, स्पष्ट आदेश लागतो. आणि तसा मिळाला तरी बहुतेक वेळा त्यात लिहिलेलं असतं की हे तात्पुरतं आहे, याचिकाकर्त्याच्या जोखमीवर आहे, पुढे याचा आधार घेऊन हक्क सांगता येणार नाही, परीक्षेचा निकाल राखून ठेवता येईल. संस्था पहिली ओळ नोटीस बोर्डावर लावते, बाकीच्या ओळी कोणी वाचत नाही.

सुप्रीम कोर्टाची भूमिका या बाबतीत कडकच आहे आणि आजची नाही. १९८६ ला आंध्रातल्या एका मेडिकल कॉलेजची केस होती, संलग्नता नाही, परवानगी नाही, पोरं भरली. पोरांतर्फे विनंती झाली की यांना निदान परीक्षेला बसू द्या. कोर्ट म्हणालं, विद्यापीठ ज्या कायद्यातून निर्माण झालं तोच कायदा मोड असं आम्ही विद्यापीठाला सांगू शकत नाही. मग १९९२ ला आपल्या महाराष्ट्राचीच केस, राज्य शासन विरुद्ध विकास साहेबराव राउंडळे, अमान्य अध्यापक विद्यालयांची. हायकोर्टाने पोरांना परीक्षेला बसू दिलं होतं, सुप्रीम कोर्टाने ते फिरवलं. अंतरिम आदेशांवर अपात्र विद्यार्थ्यांना परीक्षा द्यायला लावायची सवय बरी नाही असं १९९८ ला सीबीएसईच्या केसमध्ये परत सुनावलं.

तारखांचंही असंच. डिसेंबर २०१२ मध्ये ठाण्याच्या एका इंजिनिअरिंग कॉलेजच्या केसमध्ये, पार्श्वनाथ ट्रस्टच्या, कोर्टाने वेळापत्रक घालून दिलं, एआयसीटीईची मान्यता १० एप्रिलपर्यंत आणि विद्यापीठाची संलग्नता १५ मेपर्यंत. मुद्दा हा की मुलगा फॉर्म भरायला बसेल तेव्हा चित्र स्वच्छ असलं पाहिजे. प्रत्यक्षात मुदतवाढी मिळत जातात, फार्मसीचे राउंड दिवाळीपर्यंत लांबणं आता नवीन राहिलं नाही, आणि त्या मधल्या दोन-चार महिन्यांत असल्या ॲडमिशन होतात.

संस्था जून-जुलैत कोर्टात गेली असती तर वेगळं होतं. ॲडमिशन भरून झाल्यावर गेली याचा अर्थ मला तरी एकच दिसतो, की कोर्टापुढे उभं राहून म्हणायचं, महाराज, ३७ मुलांच्या आयुष्याचा प्रश्न आहे. पोरांना ढाल करतात. मी स्वतः दोन संस्थांच्या बाजूने असे युक्तिवाद केलेत, खोटं सांगत नाही, आणि नंतर असली प्रकरणं घेणं बंद केलं कारण बाहेर व्हरांड्यात ती मुलं उभी असायची आणि त्यांना वाटायचं मी त्यांचा वकील आहे. मी त्यांचा नव्हतो. त्यांच्या बाजूने त्या खटल्यात कोणीच नव्हतं.

तेव्हा दादा, तीन कामं. प्राचार्यांकडून याचिकेचा नंबर घ्या, नाही दिला तर हायकोर्टाच्या वेबसाईटवर संस्थेच्या नावाने शोधा, आदेशाची पीडीएफ फुकट दिसते. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गातलं असाल तर १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, तिकडे बघा. आदेश मिळाला की इथे आशय टाका, नंबर-नावं नको. दुसरं, जेवढे पालक तयार होतील तेवढ्यांनी मिळून त्याच याचिकेत हस्तक्षेप अर्ज करा, आमची फसवणूक झाली, आमचं म्हणणं वेगळं ऐका. तिसरं, फीच्या सगळ्या पावत्या, क्लार्कचे व्हॉट्सॲप मेसेज, कॉलेजचं माहितीपत्रक ज्यावर शंभर जागा छापल्यात, हे सगळं आजच जपून ठेवा.

———

गुरुजी_परभणी

राउंडळे केसचं नाव वाचलं आणि हात थरथरला. वकील साहेबांनी ती एका ओळीत लिहिली, त्यांचं बरोबरच आहे, पण आमच्या घरात तसलं एक वर्ष होऊन गेलंय.

माझा चुलतभाऊ त्या काळात असल्याच एका विनापरवाना अध्यापक विद्यालयात होता. ते कॉलेज म्हणजे पत्र्याच्या दोन खोल्या, एक फळा, पण फाटकावर बोर्ड केवढा मोठा. काकांनी दोन एकर गहाण टाकून देणगी दिली होती, त्या वेळी डीएड झालं की झेडपीची नोकरी पक्की असं होतं म्हणून. परीक्षेला बसायचं की नाही ते कोर्ट ठरवणार म्हणून सगळे पोरं रात्री कंदिलात अभ्यास करायचे. मग सुप्रीम कोर्टाचा निकाल आला आणि एका दिवसात सगळं संपलं. संस्थेचे सचिव पुढच्या वर्षी दुसरी संस्था काढून मोकळे. भाऊ पुढे पुण्याला वॉचमन म्हणून गेला, आता घरी असतो. खूप हुशार होता गणितात, माझ्यापेक्षा. मी शिक्षक झालो तो सरकारी विद्यालयात नंबर लागला म्हणून, बाकी काही फरक नव्हता आमच्या दोघांत.

कोर्टाचं चुकलं असं मी म्हणत नाही, अशा खोल्यांतून शिक्षक बाहेर पडले असते तर शाळेतल्या लेकरांचं नुकसान झालं असतं हे मला शिक्षक म्हणून पटतं. पण शिक्षा ज्याला व्हायला पाहिजे होती त्याला झाली नाही, ही गोष्ट मला आज तीस-बत्तीस वर्षांनी पण सुटत नाही.

दादा तुम्ही लवकर हालचाल करा, थांबू नका. वडिलांना सांगा घाबरू नका.

———

प्राध्यापिका_विनाअनुदानित

सगळे संस्थेला चोर ठरवूनच बोलतायत म्हणून थोडं वेगळं लिहिते. मी अशाच एका फार्मसी कॉलेजात नऊ वर्षं शिकवते आहे, संस्थेची वकिली करत नाही, पगार माझेही चार-चार महिने थकतात.

कोर्टात जाणारं प्रत्येक कॉलेज खोटं नसतं. कौन्सिलचं पत्र उशिरा येतं, त्यानंतर शासनाचा निर्णय, मग विद्यापीठाची समिती, आणि समितीच्या तारखेला सदस्य मिळत नाहीत, दोनदा पुढे ढकलतात. आमच्याकडे एका वर्षी समिती आली तेव्हा अर्धं सेमिस्टर झालं होतं. त्यांनी त्रुटी काढली की दोन शिक्षकांना विद्यापीठ मान्यता नाही. अहो पण निवड समितीसाठी विद्यापीठाचा प्रतिनिधी मागून आम्हाला सात महिने झाले होते, तो विद्यापीठानेच द्यायचा असतो! मग कॉलेजने काय करायचं, कोर्टातच जायचं ना.

आणि कायदाही काही एकतर्फी नाहीये. वकील साहेबांनी संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाची २००६ ची केस लिहिली नाही. तीही महाराष्ट्राचीच. एनसीटीईने (शिक्षक घडवणाऱ्या कॉलेजांच्या केंद्रीय परिषदेने) मान्यता दिली होती आणि राज्य शासन म्हणत होतं आम्हाला नवीन कॉलेजं नकोत, धोरण आहे आमचं. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की केंद्रीय कायद्याखालच्या संस्थेने मान्यता दिल्यावर राज्याला धोरणाच्या नावाखाली अडवता येत नाही. फार्मसीतही तसंच, कौन्सिलने १७ जुलै २०१९ ला नवीन कॉलेजांवर पाच वर्षांची बंदी घातली ती सप्टेंबर २०२२ ला सुप्रीम कोर्टाने टिकू दिली नाही. संस्था काढणं हा मूलभूत हक्क आहे, त्यावर बंधन घालायचं तर कायद्याने घाला, नुसत्या ठरावाने नाही, असं म्हणाले.

म्हणजे कौन्सिलचं पत्र शंभरचं असेल तर संस्थेची याचिका पोकळ नाही. एवढंच म्हणायचंय. पण न सांगता पोरं भरली आणि आता प्रवेशाच्या वेळीच कल्पना होती असं लिहून घेताहेत, हे मात्र कोणत्याच कायद्यात बसत नाही, त्याचा मी पण निषेधच करते. तुमच्या बहिणीला सांगा हजेरी आणि इंटर्नल टेस्ट चुकवू नको, प्रॅक्टिकलची जर्नल सही करून घे. उद्या फॉर्म भरायला परवानगी आली आणि ७५ ऐंशी टक्के हजेरीचा मुद्दा निघाला तर सगळं मुसळ केरात.

———

गुरुजी_परभणी

मॅडम तुमचं बरोबर असेल. पण त्या २००६ नंतर गल्लोगल्ली डीएड कॉलेजं झाली, आणि नंतर शिक्षक भरतीच थांबली तेव्हा ती ओस पडली, लाखभर पोरं डीएड होऊन घरी बसली. परवानगी असलेल्या कॉलेजातली होती ती सगळी. तेव्हा नुसता कागद बरोबर असून पण भागत नाही.

———

ॲड_खंडपीठ

मॅडम, मान्य. ती केस मी लिहायला हवी होती. फक्त एक फरक लक्षात घ्या, त्यात राज्याच्या धोरणाला नाही म्हटलंय. विद्यापीठाने शिक्षक नाहीत, लॅब नाही म्हणून स्वतःच्या तपासणीवर नकार दिला तर तो प्रश्न वेगळा, तिथे कोर्ट विद्यापीठाचं ऐकतं. म्हणून नकाराचं कारण काय हे पत्रात वाचणं महत्त्वाचं. दादा, तेही मागा.

———

कुणीतरी_नाशिकचा

ग्राहक मंचात जाता येईल का? पाटण्याच्या एका डेंटल कॉलेजने विद्यापीठाशी संलग्न आहोत असं खोटं सांगून पोरं घेतली होती त्यात व्याजासकट फी आणि भरपाई मिळाल्याचं वाचलंय.

———

ॲड_खंडपीठ

हो, ती २००९ ची सुप्रीम कोर्टाची. पण नंतर शिक्षण ही सेवा आहे का यावर उलटसुलट निकाल आहेत, जानेवारी २०२० ला राष्ट्रीय ग्राहक आयोगाने नाही म्हटलं, त्याविरुद्धचं अपील सुप्रीम कोर्टाने दाखल करून घेतलं. तो रस्ता बंद नाही, पण आत्ता पहिलं काम परीक्षेचं. फीसाठी आणि मूळ कागदांसाठी यूजीसीचे (विद्यापीठ अनुदान आयोगाचे) नियम आहेत, २०१८ पासून मूळ मार्कशीट, टीसी कॉलेजने अडकवून ठेवायची नाही. शिवाय २०२३ च्या यूजीसी नियमांप्रमाणे कॉलेजात विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि विद्यापीठात लोकपाल असायला हवा, तिथे एक लेखी तक्रार टाकून ठेवा, कोर्टात दाखवायला उपयोगी पडते.

———

घोर_लागलेला_दादा

सगळ्यांचे मनापासून आभार. चार दिवस गावीच होतो म्हणून उत्तर दिलं नाही. काय झालं ते लिहितो.

वडिलांनी सही केली नव्हती. पण ३७ पैकी १९ जणांनी करून टाकली होती, त्यातल्या एका मुलीच्या आईला वाचता येत नाही, तिने अंगठा दिलाय.

तीन पत्रं मागितली. आधी प्राचार्य म्हणाले कार्यालयीन बाब आहे. आम्ही अकरा पालक होतो, उठलोच नाही. शेवटी दाखवली. कौन्सिलच्या पत्रावर याच वर्षाचं १०० आहे, मी स्वतः वाचलं, फोटो काढला. मेडिकलवाला भाऊ, तुमचा मेसेज आठवला आणि जीवात जीव आला. शासनाचं पत्र "प्रक्रियेत" म्हणाले, नाहीच आहे. विद्यापीठाच्या पत्रात नकाराचं कारण दिलंय, वाढीव तुकडीसाठी लागणारे मान्यताप्राप्त शिक्षक नाहीत आणि एक लॅब अपूर्ण.

आणि स्टे. वकील साहेब, तुम्ही सांगितलं तसं वेबसाईटवर शोधलं, मिळालं. दोन पानांचा आदेश आहे. स्टे नाहीच! कोर्टाने फक्त एवढंच म्हटलंय की विद्यापीठाने संस्थेच्या पूर्तता अहवालावर तीन आठवड्यांत निर्णय घ्यावा. पोरांच्या परीक्षेबद्दल एक शब्द नाही, पोरं भरली आहेत हे त्या दोन पानांत कुठे आलेलंच नाही. आम्ही रोज ऐकत होतो स्टे मिळालाय, स्टे मिळालाय.

सह्या केलेल्या लोकांचं काय करता येईल? आणि तीन आठवड्यांतले बारा दिवस गेलेत.

———

ॲड_खंडपीठ

चांगलं काम केलंत. सह्या केलेल्यांनी आजच प्राचार्यांना लेखी द्यावं की कागद वाचून न दाखवता, दबावाखाली सही घेतली, ती आम्ही मागे घेतो. स्पीड पोस्टाने पण पाठवा. त्या आईने अंगठा दिला तेव्हा शेजारी कोण होतं ते तिला विचारून लिहून ठेवा.

कारण शिक्षक आणि लॅबचं आहे, म्हणजे भरून निघण्यासारखं आहे. कौन्सिलचं पत्र शंभरचं आहे ही तुमची सगळ्यात भक्कम बाजू. विद्यापीठाच्या कुलसचिवांना सगळ्या पालकांच्या सहीने निवेदन द्या की ३७ विद्यार्थी बसलेले आहेत, निर्णय मुदतीत घ्या, आणि नकारच द्यायचा असेल तर मुलांना जवळच्या कॉलेजात रिकाम्या जागांवर सामावून घ्या. त्याची प्रत लावून हस्तक्षेप अर्ज. तुमच्या खंडपीठात विधी सेवा समिती आहे, मुलींना आणि गरीब पालकांना तिथे वकील मोफत मिळतो, त्याला लाजू नका. अर्जाचा मसुदा मला मेसेजमध्ये पाठवा, बघून देतो, पैसे वगैरे काही नको.

———

निवृत्त_अधीक्षक

निवेदन देताना नुसतं कुलसचिवांच्या ऑफिसात टाकून येऊ नका. परीक्षा विभाग आणि पात्रता विभाग दोन्हीकडे एकेक प्रत द्या. विलंब शुल्कासह फॉर्म भरायची शेवटची तारीख परीक्षा विभागात विचारून ठेवा, कारण निर्णय तुमच्या बाजूने आला आणि लिंक आदल्या दिवशी बंद झाली असं मी एकदा होताना पाहिलंय. तेव्हा नऊ मुलं राहिली होती.

———

घोर_लागलेला_दादा

विचारलं काका. विलंब शुल्काची तारीख पुढच्या महिन्याच्या ६ ला आहे. निवेदनावर आतापर्यंत ३१ सह्या झाल्यात, अंगठा दिलेल्या त्या मावशी पण आल्या होत्या. सोमवारी सकाळच्या सातच्या गाडीने वडील आणि आणखी पाच जण विद्यापीठात जातायत, मी पुण्याहून थेट तिकडे पोचतो. बहीण जर्नल पूर्ण करत बसलीये, तिला मॅडमचा मेसेज वाचून दाखवला. सोमवारी रात्री इथे लिहितो काय झालं ते.